आज सकाळी काय खाल्लं?

१

आमच्या धंद्यात पहिला प्रश्न वाया घालवण्यासाठीच असतो. रस्त्यात माणूस थांबवायचा, त्याच्या कॉलरला माइक अडकवायचा आणि विचारायचं, "आज सकाळी काय खाल्लं?" माणूस चहा म्हणतो, पाव म्हणतो, कोणी लाजून काहीच नाही म्हणतो. त्याच्या खाण्याशी आपल्याला काही देणंघेणं नसतं. तो बोलत असताना यंत्रावरच्या हिरव्या काड्या किती उंच उडतात ते बघायचं, आवाज कमीजास्त करायचा आणि मग खरा प्रश्न विचारायचा.

विचारायचं काम माझ्या मावसभावाचं. घरात त्याला सगळे रेडिओ म्हणतात, कारण एकदा सुरू झाला की बंद करायचं बटण सापडत नाही. रोज सकाळी तो शहरात कुठेतरी कॅमेरा मांडतो आणि येणाऱ्याजाणाऱ्यांना धरतो. शेवटचं पत्र कोणाला लिहिलंत, वरच्या मजल्यावर कोण राहतं ते माहीत आहे का, असले साधे प्रश्न. मालिकेचं नाव 'दोन मिनिटं थांबा'. लोक बिचारे दोन मिनिटं म्हणून थांबतात आणि हा अर्धा तास सोडत नाही.

कापायचं काम माझं. दहाच्या सुमाराला त्याच्या क्लिपा येतात. मी मागच्या खोलीत दार लावून, हेडफोन चढवून बसते आणि तीनपर्यंत माणसं कापते. पाहुण्यांसमोर हे वाक्य मी मुद्दाम असंच म्हणते. प्रत्येक क्लिपच्या सुरुवातीची दहा सेकंदं, म्हणजे ते खाण्याचं, कापून 'भुसा' नावाच्या कप्प्यात टाकते. भुसा कोणी ऐकत नाही. रेडिओ ऐकत नाही, कारण तो काड्या बघत असतो. मी ऐकत नाही, कारण कुठे कापायचं ते मला पडद्यावरच्या आवाजाच्या रेघेवरून डोळ्यांनीच कळतं. पाच वर्षांत आम्ही चार-साडेचार हजार माणसांना काय खाल्लं ते विचारलं आणि एकाचंही उत्तर आम्हाला ठाऊक नव्हतं.

२

घरात मी आणि बाबा. आई जाऊन सात वर्षं झाली.

बाबांनी एकेचाळीस वर्षं चष्म्याच्या दुकानात, पडद्यामागे बसून काचा घासल्या. दुकान बंद झालं तेव्हा मालक म्हणाला, हवं ते घेऊन जा. दुसऱ्या कोणी यंत्रं नेली असती, बाबांनी गिऱ्हाइकाची खुर्ची आणली. लाकडी, उंच पाठीची, दोन हातांची. तिच्यावर बसून लोक समोरची अक्षरं वाचायचे. आता ती बाबांच्या खोलीत भिंतीला टेकून असते आणि तिच्यावर त्यांच्या धुतलेल्या कपड्यांचा ढीग असतो. तो ढीग आवरायचं काम माझं आहे, म्हणून तो कायम असतो.

मला ते भिंग म्हणतात. लहानपणापासून मला प्रत्येक गोष्टीत खोट दिसते म्हणून. जगात मला या नावाने हाक मारणारं आता एकच माणूस उरलंय आणि ते अलीकडे विसरायला लागलं होतं. चष्मा डोळ्यांवर असताना चष्मा शोधणं वगैरे नव्हे, ते तर मीही करते. बोलता बोलता ते थांबायचे आणि पुढचं वाक्य शोधायला खोलीभर नजर फिरवायचे. डॉक्टर म्हणाले, वयाचं आहे, त्यांना बोलतं ठेवा. मी मान डोलावली आणि घरी येऊन हेडफोन चढवले.

मला भीती एकाच गोष्टीची होती. एक दिवस ते माझ्याकडे बघतील आणि मी कोण ते त्यांना कळणार नाही. ही भीती मी कोणाला सांगितली नाही. सकाळी त्यांना दूध-केळं द्यायचं, गोळी द्यायची आणि सहा पावलांचा बोळ ओलांडून मागच्या खोलीत पळायचं, असं माझं चाललं होतं. काय खाल्लं हे बाबांना मी कधी विचारलं नाही.

३

त्या सोमवारी नवे हेडफोन आले. ते कसे वाजतात हे बघायला मी भुसाच लावला, म्हटलं, काम बिघडायची भीती नाही. पहिलाच माणूस नाक्यावरचा किल्ल्या बनवणारा. पन्नाशीचा, दंडावर किल्ल्यांचा जुडगा, हातात कानस.

"आज सकाळी काय खाल्लं?" रेडिओचा आवाज.

"अर्धं केळं," किल्लीवाला म्हणाला. "उरलेलं उशीखाली ठेवलंय. तिला सांगू नका, उगाच बोलेल."

मला हसू आलं. म्हटलं, बायकोचा धाक दिसतोय. पुढच्याच क्षणी रेडिओने खरा प्रश्न विचारला आणि हा गृहस्थ खणखणीत आवाजात लोकांच्या कुलपांबद्दल बोलायला लागला. पहिलं उत्तर देताना त्याचा आवाज बराच हळू होता, हे मला नंतर सुचलं.

संध्याकाळी बाबांच्या उशीचा अभ्रा बदलायला घेतला तर खाली अर्धं केळं निघालं. सालीसकट, काळं पडलेलं.

"बाबा, हे काय?"

"तू बोलशील म्हणून ठेवलं. जात नव्हतं गं."

मी बोलले नाही. केळं घरोघर असतं, उशी घरोघर असते आणि घरच्या बाईला घाबरणारे पुरुष तर पैशाला पासरी मिळतात. अशी मी मनाची समजूत घातली आणि ती बऱ्यापैकी पटलीही.

मंगळवारी मात्र क्लिपा आल्या तशी मी आधी भुशाकडेच वळले. कपडे शिवणारी बाई होती. दुकानाच्या पायरीवर उभी, गळ्यात मोजायची टेप.

"दूध," ती म्हणाली. "साय काढायला विसरली ती. घशात येतं, पण प्यालो."

बाई आणि प्यालो. कुठेकुठे बायका असं बोलतात, मी स्वतःला सांगितलं. मग उठून स्वयंपाकघरात गेले. बाबांचा पेला ओट्यावर होता आणि त्याच्या आतल्या काठाला सायीचा पापुद्रा चिकटून वाळला होता.

४

"तू ऐकतोस का रे लोक काय बोलतात ते?" मी रेडिओला फोनवर विचारलं.

"म्हणजे काय, तेच तर काम आहे आपलं."

"तसं नाही. काय खाल्लं विचारतोस, तेव्हा."

"छे. तेव्हा मी काड्या बघतो. शब्द ऐकत बसलो तर आवाज कसा लावणार? का गं, कोणी शिव्या दिल्या का?"

"आजची शिवणारी बाई काय म्हणाली, आठवतं?"

"चहा म्हणाली असेल. सगळे चहाच म्हणतात."

मी त्याला क्लिप पाठवली. तासाभराने त्याचं उत्तर आलं. दूध म्हणाली, मग काय झालं? तायडे, सुट्टी घे चार दिवस.

बुधवारी इस्पितळाच्या फाटकाबाहेरची नर्स होती. रात्रपाळी संपवून निघालेली, पांढरे बूट, खांद्याला पिशवी. रेडिओने प्रश्न विचारला तेव्हा ती त्याच्याकडे किंवा कॅमेऱ्याकडे न बघता थोडी खाली बघत होती. समोर कोणी बसलेलं असावं, तितकी खाली.

"काही नाही खाल्लं," ती म्हणाली. "तो समोर बसला होता. त्याच्यासमोर खाववत नाही. तिला हाक मारली, पण तिचे कान झाकलेले असतात."

मी हेडफोन काढले.

हेडफोन काढले की आधी घर एकदम रिकामं वाटतं, मग एकेक आवाज परत येतो. फ्रिजची घरघर आली. मोरीतला थेंब आला. मग बाबांच्या खोलीतून बाबांचा आवाज आला.

"...आणि काच हातातच फुटली, बघा."

मग शांतता. ती शांतता माझ्या ओळखीची होती. उत्तर मिळालं की रेडिओ लगेच पुढचं विचारत नाही, नुसता बघत राहतो. समोरच्याला अवघडल्यासारखं होतं आणि तो आपण होऊन आणखी सांगतो. ती आमची युक्ती आहे, मीच त्याला शिकवली होती.

बाबांनी आणखी सांगितलं. "रक्त बरंच गेलं. पण मालकाला कळू दिलं नाही."

मी बोळ ओलांडून त्यांच्या दारात पोचले. बाबा पलंगावर उशीला टेकून बसले होते. खुर्ची भिंतीपासून पुढे सरकवून त्यांच्यासमोर मांडलेली होती. तिच्यावरचे कपडे पायथ्याशी ठेवले होते, चार कोपरे जुळवून घड्या घातलेले. बाबांना जन्मात घडी जमली नाही.

"कोणाशी बोलत होता?"

"कोणाशी बोलणार? तुला वेळ नाही. भिंतीला कान असतात म्हणतात, म्हटलं तिला सांगू." ते हसले.

"खुर्ची कोणी फिरवली?"

त्यांनी खुर्चीकडे बघितलं. "गिऱ्हाईक आलं की अशीच मांडायची असते."

मी बाहेरचं दार बघून आले. कडी आतून होती, जशी मी सकाळी लावली होती. मग परत येऊन बाबांचा उजवा हात हातात घेतला. अंगठ्यापासून मनगटापर्यंत एक पांढरा व्रण आहे, मी जन्मल्यापासून बघतेय.

"ही काच फुटली तेव्हाचीच खूण ना?"

बाबांनी हात उजेडात धरला, काच तपासायचे तसा. "काय माहीत," ते म्हणाले. "केव्हाची आहे ही?"

५

वयाचं आहे, असं डॉक्टर म्हणाले होते. आणि बाकीचं रेडिओचं आहे, असं मी ठरवलं. हा येताजाता बाबांशी गप्पा मारतो, त्यांच्या खोड्या त्याला ठाऊक, लोकांना चार वाक्यं पढवायला कितीसा वेळ लागतो? पुढच्या भागासाठी माझा चेहरा टिपायचा असेल. लहानपणी माझ्या दप्तरात पाल ठेवणारा माणूस तो, त्याला काय अशक्य?

खोट शोधायची तर नीट शोधू म्हटलं. गुरुवारी नऊ वाजता ओट्याशी उभी राहिले आणि डोक्यात पहिलं जे आलं ते केलं. बटाटा उकडला, कुस्करला आणि त्यावर साखर घातली. असलं काही आमच्या घरात कधी कोणी खाल्लं नव्हतं, आणि पुन्हा खाईल असं वाटत नाही. बाबांनी एक शब्द न बोलता सगळं खाल्लं. त्यांचा फोन मी आधीच माझ्या खिशात घातला होता.

दहाला क्लिपा आल्या. चौकातला वाहतूक पोलीस, शिट्टी हातात.

"आज सकाळी काय खाल्लं?"

"बटाटा," पोलीस म्हणाला. "साखर घातलेला. भिंग आज माझी परीक्षा घेतेय."

प्रत्येक क्लिपवर वेळ असते. सात चाळीस. सात चाळीसला मी अंथरुणात होते आणि बटाटा टोपलीत होता.

भुताखेतांवर माझा विश्वास नाही. पण भीतीला विश्वास लागत नाही, हे मला त्या दिवशी कळलं. वेळेचं एकवेळ मी यंत्रावर ढकललं असतं, यंत्रं चुकतात. पण ते नाव त्या पोलिसाच्या तोंडात होतं. माझं एवढं एकच नाव असं आहे, जे कुठल्या कागदावर नाही. ते घराबाहेर कसं गेलं?

रेडिओला मी ताबडतोब बोलावून घेतलं. तो आला, हेडफोन लावले, दोनदा ऐकलं आणि तिसऱ्यांदा न ऐकता काढून ठेवले. पाच वर्षांत पहिल्यांदाच त्याचं बटण सापडलं होतं.

"मला वाटतं, हा चहा म्हणाला होता," तो अखेर म्हणाला. "आईशप्पथ, तायडे, मला वाटतं चहाच म्हणाला होता."

"तू पढवलं नाहीस ना?"

त्याने नाही म्हणून मान हलवली. मग बोळातून बाबांच्या खोलीकडे बघितलं आणि आवाज खाली आणून विचारलं, "काका ठीक आहेत ना?"

मी क्लिप बंद केली.

"उद्या मी तो प्रश्नच विचारत नाही," तो म्हणाला. "हवा कशी आहे, असं विचारतो. प्रश्नच मिटला."

६

शुक्रवारी त्याने एकच माणूस गाठला आणि ती एकच क्लिप पाठवली. खाली दोन शब्द होते. तूच ऐक.

मोठ्या इमारतींच्या काचा पुसणारा माणूस होता. कमरेला पट्टा, पायाशी बादली. मागे काचेत रेडिओची पाठ दिसत होती.

"हवा कशी आहे आज?"

"सांगतो ना," तो माणूस म्हणाला. खाली बघत होता. "तो विचारतो आणि मी सांगतो. सांगून टाकलं की हलकं वाटतं. मग ते शोधायला गेलं तर सापडत नाही. आता थोडंच राहिलंय."

नंतर रेडिओचा श्वास ऐकू येत होता. नंतर तो माणूस, अगदी वेगळ्या आवाजात, "हवा? छान आहे की," असं म्हणाला आणि क्लिप संपली.

रेडिओने त्या दिवसापासून काम बंद ठेवलं. मी हेडफोन खणात टाकले आणि बाबांच्या खोलीत मुक्काम हलवला. खुर्ची रिकामी ठेवायचीच नाही, एवढं मी मनाशी धरलं होतं. मी तिच्यावर बसूनच जेवले, बसूनच फोन केले, भाजी निवडली. उठायची वेळ आली की तिच्यावर पाण्याची भरलेली बादली ठेवायची. लाकूड खराब होईल म्हणून बाबा कुरकुरले.

शनिवार शांत गेला. रविवार शांत गेला. सोमवारी बाबा म्हणाले, "भिंग, आमटीत मीठ आहे का, का डॉक्टरने तेही बंद केलं?" आणि मला रडू आलं. मीठ कमी असल्याबद्दल कोणी इतकं खूश झालं नसेल. त्या तीन दिवसांत बोळात, मोरीत, पलंगाखाली मला काहीही दिसलं नाही. ऐकूही आलं नाही. मला वाटलं, खुर्ची मिळाली नाही म्हणून जे काही होतं ते गेलं.

पण 'आता थोडंच राहिलंय' हे वाक्य माझ्या डोक्यातून जाईना. जे राहिलंय ते तरी राहायला हवं. भरतकाम करणारी बाई भरून ठेवेल, लिहिणारा लिहून ठेवेल. मला एकच गोष्ट येते. माणसाला समोर बसवून बोलतं करायचं आणि ते बोलणं साठवून ठेवायचं. डॉक्टरही तेच म्हणाले होते.

७

मंगळवारी सकाळी मी सगळं नीट मांडलं. बाबा पलंगावर, पाठीला दोन उशा, खिडकीचा उजेड डाव्या गालावर. मी खुर्चीत. कॅमेरा माझ्या मागे स्टँडवर, म्हणजे चित्रात बाबांचा चेहरा आणि कडेला माझा खांदा येईल. रस्त्यावर आम्ही असंच लावतो. विचारणाऱ्याचा खांदा दिसला की बघणाऱ्याला आपणच विचारतोय असं वाटतं. माझ्या अंगात पिवळा कुडता होता, कडेला उठून दिसेल म्हणून मुद्दाम घातलेला.

बाबांच्या कॉलरला माइक लावला आणि सवयीने विचारलं, "आज सकाळी काय खाल्लं?"

ते काहीतरी म्हणाले. मी काड्या बघत होते.

मग मी विचारत गेले. दुकानातला पहिला दिवस. पहिली काच कोणासाठी घासली. आई चष्मा करायला आली आणि तिचा नंबर तीनदा चुकीचा कसा निघाला, तो कोणी मुद्दाम चुकवला. बाबा इतके सुरेख बोलत होते की मी दुपारचं जेवण विसरले. एक शब्द अडला नाही. ते थांबले की मी पुढचं विचारायची घाई करत नव्हते, नुसती बघत राहत होते, आणि ते आणखी सांगत होते. आईचं आजारपण सांगितलं. मी जन्मले तो दिवस सांगितला. मी पाच वर्षांची असताना दुकानात येऊन, मालकाने पास केलेल्या काचेत ओरखडा दाखवला आणि त्या दिवशी माझं नाव भिंग पडलं, तेही सांगितलं. मला यातलं अर्धं ठाऊकच नव्हतं. चार हजार लोकांना थांबवलं आणि हा माणूस सहा पावलांवर होता, याची मला लाज वाटली. पण त्याहून जास्त आनंद वाटला. आता हे कुठे जाणार नव्हतं.

चार वाजता बाबांनी एक मोठा श्वास सोडला. त्यांच्या कपाळावरच्या आठ्या गेल्या होत्या. चेहरा धुतल्यासारखा दिसत होता.

"झालं?" त्यांनी विचारलं. "कुठे बघायला मिळेल हे?"

सगळे हेच विचारतात. मीही सवयीने मालिकेचं नाव सांगून गेले, "दोन मिनिटं थांबा."

ते हसले. कॉलरचा माइक स्वतः काढला आणि दोन्ही हातांनी, जपून, माझ्या हातात दिला. मला वाटलं, थट्टा करतायत.

८

मी मागच्या खोलीत जाऊन क्लिप उतरवून घेतली आणि मधूनच कुठूनतरी लावली.

बाबांचा चेहरा स्वच्छ आला होता. आवाज स्वच्छ होता, त्यांचाही आणि माझाही. कडेला खुर्चीचा हात होता, आणि खांदा होता. खांद्यावर राखाडी कापड होतं. पूर्ण बाहीचं, मनगटाशी बटण लावलेलं.

मी माझ्या अंगावरच्या पिवळ्या कुडत्याकडे बघितलं. मग सुरुवातीपासून लावली. पहिल्या प्रश्नापासून तो खांदा राखाडीच होता. उजेडामुळे रंग बदलतो, मी म्हटलं. पिवळ्याचा राखाडी होऊ शकतो, मी पडद्यावर असे हजार रंग दुरुस्त केलेत. उजेडामुळे बाही लांब होत नाही, हेही मला ठाऊक होतं.

आवाज माझा होता. "मग काय झालं, बाबा?" मी विचारत होते, आणि तो खांदा पुढे झुकत होता. भिंग नावाची गोष्ट आली तेव्हा तो इतका पुढे झुकला की चित्रात थोडी मान आली, कान आला आणि गालाचा एक भाग आला. बाबा बोलत होते आणि तो गाल हलत होता, तोंडात घास असल्यासारखा. बाबा थांबले की तो थांबायचा. बाबा पुन्हा बोलले की पुन्हा चावायला लागायचा.

मी पडदा बंद केला. भिंतीतली तार ओढली.

बोळात खडखड ऐकू आली. मी धावत गेले. बाबा बाहेरच्या दाराशी उभे होते, पायात बूट घालून, आणि कडीशी झटत होते. मला बघून त्यांनी हात खाली घेतले आणि थोडे बाजूला झाले, अनोळखी बाईला वाट द्यावी तसे.

"ताई, ही कडी जरा काढून द्याल का?" ते म्हणाले. "वेळ कसा गेला कळलंच नाही. मला निघायला हवं."

"कुठे?" मी विचारलं.

"घरी. मुलगी एकटी असते घरी. वाट बघत असेल."

ती मुलगी अजून त्यांच्यापाशी होती. चेहरा हरवला होता, मी हरवले होते, पण कोणीतरी वाट बघतंय एवढं उरलं होतं. मला विचारायचं होतं. कशी आहे ती, किती वर्षांची आहे, काय म्हणता तुम्ही तिला? प्रश्न अगदी ओठांपर्यंत आला आणि मी दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं. विचारलं असतं तर त्यांनी सांगितलं असतं, आणि मग तेही राहिलं नसतं. आम्ही दोघं दारात तसेच उभे राहिलो. ते सभ्यपणे थांबले होते. मी काही म्हणजे काही विचारणार नव्हते, रात्र झाली तरी, महिने गेले तरी.

"तुमच्या मुलीबद्दल थोडं सांगा ना."

आवाज बाबांच्या खोलीतून आला. माझाच आवाज, हसतमुख, जरा लाडीक, लोकांना खुलवायला मी लावते तसा. क्लिप चालू राहिली असेल, हा विचार माझ्या मनात येऊन गेला. पण तार मी ओढली होती, आणि हा प्रश्न मी दिवसभरात कुठेच विचारला नव्हता.

बाबांचा चेहरा उजळला. ते वाकले आणि बुटांच्या नाड्या सोडायला लागले. मी त्यांची बाही धरली, घट्ट, दोन्ही हातांनी.

"दोनच मिनिटं, ताई," ते म्हणाले. त्यांनी माझी बोटं एकेक करून, न दुखवता सोडवली, आणि ते आत गेले.